वेडा राघू : दुसऱ्याच्या नजरेची जाण

वेडा राघू (मेरॉप्स ओरिएंटॅलिस) : उडते कीटक खाणारा, चिमणीएवढ्या बांध्याचा हिरवा पक्षी. शेपटीतून काडीसारखी बाहेर आलेली मधली दोन पिसे ही त्याची खूण. मुळशी तालुक्यात पौड-पिरंगुटच्या बाजूला माळांवर, बांधांवर व विजेच्या तारांवर तो दिसतो. प्राण्यांच्या मनाच्या अभ्यासात त्याला स्थान मिळाले ते विणीच्या काळातील सावधपणामुळे.

उन्हाळ्यात नर-मादी मातीच्या दरडीत किंवा भुसभुशीत जमिनीत बीळ खणतात. त्याच्या टोकाशी पांढरी, गोलसर अंडी असतात. साप किंवा मुंगसाला बिळाचे तोंड सापडले, तर सारी वीण जाते. त्यामुळे जवळ कोणी असले, की चोचीत किडा धरून पक्षी बाहेरच थांबतो. आत शिरणे म्हणजे शत्रूला घर दाखवणे.

पुण्याच्या आबासाहेब गरवारे महाविद्यालयातील मिलिंद वाटवे व त्यांच्या सहकाऱ्यांनी नेमके हेच थांबणे तपासले. त्यांचे निबंध 1999 मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये आणि 2002 मध्ये ‘ॲनिमल कॉग्निशन’मध्ये प्रसिद्ध झाले. शत्रूच्या जागी माणूस उभा केला. एकदा बीळ दिसेल अशा ठिकाणी, एकदा जवळपास तितक्याच अंतरावर, पण बीळ दिसणार नाही अशा ठिकाणी. दुसऱ्या स्थितीत पक्षी अधिक वेळा बिळात शिरले. पुढच्या प्रयोगांत माणसाची नजर बिळाकडे किंवा दुसरीकडे ठेवली. नजर वळलेली असताना पक्षी अधिक वेळा आत गेले. सर्वांत मोलाचा निष्कर्ष कोनाचा आहे. माणसाची नजर बिळापासून किती वळली आहे, याचा आत शिरण्याशी संबंध आढळला; ती पक्ष्यापासून किती वळली आहे, याचा आढळला नाही. केवळ स्वतःवर रोखलेल्या डोळ्यांची भीती असती, तर असे झाले नसते. स्वतः जिथे नाही, त्या जागेवरून काय दिसते याचा अंदाज या पक्ष्याला येतो.

डेव्हिड प्रीमॅक व गाय वुड्रफ यांनी 1978 मध्ये, चिंपँझीला दुसऱ्याच्या मनाची कल्पना असते का, असा प्रश्न मांडला. त्यानंतर बराच काळ हा शोध मुख्यतः वानरांभोवती फिरला. लहान मेंदूच्या पक्ष्यावर, पिंजरा वा शिकवणीशिवाय, उघड्या रानात केलेले पुण्याचे काम म्हणूनच फार महत्त्वाचे आहे. अर्थात, शत्रूला काय दिसते हे ओळखणे वेगळे आणि त्याला काय वाटते हे ओळखणे वेगळे. या प्रयोगांतून पहिल्याचाच पुरावा मिळतो. हा अंदाज बांधण्याच्या रीतींत लवचिकता व पक्ष्यागणिक फरकही आढळला. ठरीव प्रतिक्षिप्त क्रियेपेक्षा हे निराळे आहे.

बिळासमोर कॅमेरा रोखून बसणाऱ्यांनी हा निष्कर्ष जरूर लक्षात घ्यावा. पक्षी तारेवर निवांत बसलेला दिसतो, पण समोरची नजर हटेपर्यंत चोचीतला किडा पिलांपर्यंत पोहोचत नाही.