भांड्यावरचं नाव आणि बुडालेलं गाव

ज्या गावावरून आंबेगाव तालुक्याला नाव पडलं, ते जुनं आंबेगाव आज डिंभे धरणाच्या पाण्याखाली आहे. घोड नदीवरचं हे धरण २००० साली पूर्ण झालं. तालुक्याचं नाव कागदोपत्री राहिलं. गावाच्या गल्ल्या, पार, शेताचे बांध मात्र राहिले ते म्हाताऱ्या माणसांच्या आठवणीत. तीही पिढी आता थकली आहे.

या आठवणी संशोधनात कशा वापरायच्या? फ्रेंच मानसशास्त्रज्ञ थिओड्यूल रिबो यांनी १८८१ मध्ये मांडलं, की स्मृती ढासळते तेव्हा नव्या आठवणी आधी जातात आणि जुन्या उशिरा. म्हणून सकाळचा चहा विसरलेली आजी माहेरचा पाणवठा नेमका सांगू शकते. १९६३ मध्ये अमेरिकी मनोविकारतज्ज्ञ रॉबर्ट बटलर यांनी लिहिलं, की उतारवयात मागचं आठवत बसणं हे बुद्धी ढळल्याचं लक्षण नव्हे; माणूस त्यातून आपल्या आयुष्याचा हिशोब लावत असतो.

मग मुलाखतीत "कोणत्या साली?" हा प्रश्न पहिला नको. साल आठवलं नाही की माणूस ओशाळतो आणि गप्प होतो. त्याऐवजी फळीवरच्या तांब्या-परातीबद्दल विचारा: "हे कुणी दिलं?" आपल्याकडे लग्नात आलेल्या भांड्यांवर देणाऱ्याचं नाव कोरलेलं असतं, कधी गाव आणि तारीखही. त्या नावावरून नातं निघतं, नात्यावरून घर, घरावरून आळी.

यात नवल नाही. शेजारच्या जुन्नरच्या लेण्यांमध्ये इरिल नावाच्या यवनाने पाण्याची दोन टाकी दान दिल्याचा प्राकृत लेख आहे. दगडावरचं दात्याचं नाव आपण पुरावा मानतो. पितळेवरच्या नावाकडे घरगुती वस्तू म्हणून दुर्लक्ष करतो.

अर्थात भांडंही तपासून घ्यावं लागतं. जुन्या भांड्यावर नाव मागाहून कोरलेलं असू शकतं, आणि लग्नाची तारीख म्हणजे गाव उठल्याची तारीख नव्हे. म्हणून लग्नपत्रिका, शाळेचा दाखला, पुनर्वसनाचे कागद यांच्याशी ताळा करा. फोटो परवानगीने घ्या आणि वस्तू घरातच राहू द्या. धरणाने गाव गेलेल्या माणसाकडे "मी इथला" असं सांगणारी तेवढीच एक वस्तू उरलेली असू शकते. ती संग्रहासाठी मागू नका.