स्टार (लघुपट)

'बॉम्बे टॉकीज' (२०१३) या चार कथांच्या हिंदी चित्रपटातील दिबाकर बॅनर्जी दिग्दर्शित कथा. सत्यजित राय यांच्या 'पटोलबाबू फिल्मस्टार' या बंगाली कथेवर आधारित. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी प्रदर्शित झाला. त्याच्या शताब्दीदिनी 'बॉम्बे टॉकीज' पडद्यावर आला.

रायांचा पटोलबाबू कलकत्त्याचा. बॅनर्जींनी त्याला मुंबईच्या चाळीत राहणारा मराठी पुरंदर केले. नवाजुद्दीन सिद्दिकी यांनी ही भूमिका साकारली. पुरंदरचे अभिनयाचे वेड सुटलेले नाही, धंदा बुडालेला आहे आणि त्या धंद्यातून उरलेला उंचच्या उंच इमू घरात मोकाट फिरतो. चाळीतला हा पक्षी हसवतो आणि पुरंदरची फसगतही दाखवतो. पुढे एका चित्रीकरणात त्याला नटाला धडकून जाण्याचे क्षणभराचे काम मिळते. त्याची तालीम करताना कचराकुंडीतून त्याचे दिवंगत नाट्यगुरू प्रकटतात आणि त्याला खडसावतात. प्रसंग विनोदी असला तरी रंगभूमीवर निष्ठा असलेल्या माणसाची तगमग त्यात नेमकी पकडली आहे. काम संपताच पुरंदर घराकडे धाव घेतो आणि आजारी मुलीला दिवसभराची हकिकत अभिनयातून सांगतो. लघुपटातील हा सर्वांत उत्कट भाग होय.

गुरूची भूमिका सदाशिव अमरापूरकर यांची. ३ नोव्हेंबर २०१४ रोजी त्यांचे निधन झाले. छायाचित्रण निकोस आंद्रित्साकिस यांचे आहे.