विनोद कांबळी : पडदा आणि नोंदवही

खेळाडूचें चरित्र कोठें शोधावें? धांवांच्या नोंदवहींत, कीं दूरचित्रवाणीच्या पडद्यावर? दादरच्या शारदाश्रम विद्यामंदिरांतून पुढें आलेले विनोद कांबळी यांच्याविषयीं हा प्रश्न अगत्याचा आहे.

१९८८ सालीं हॅरिस ढालीच्या सामन्यांत सचिन तेंडुलकरांसह त्यांनीं ६६४ धांवांची अभंग भागीदारी केली. पैकीं ३४९ त्यांच्या स्वतःच्या. १९९३ मध्यें वानखेडे मैदानावर इंग्लंडविरुद्ध २२४ आणि पाठोपाठ दिल्लीस झिंबाब्वेविरुद्ध २२७. सतरा कसोट्यांत १०८४ धांवा, सरासरी ५४.२०. १९९५ नंतर मात्र कसोटी संघाचें दार त्यांना पुन्हां उघडलें नाहीं. तेव्हां त्यांचें वय अवघें तेवीस होतें.

घरोघरीं स्मरते ती १३ मार्च १९९६ ची रात्र. कलकत्त्यास विश्वचषकाचा उपांत्य सामना प्रेक्षकांच्या दंगलीनें थांबला, व नाबाद दहा धांवांवर रडत परतणारे कांबळी देशानें पाहिले. २०२४ च्या डिसेंबरांत शिवाजी पार्कवर गुरु रमाकांत आचरेकर यांच्या स्मारकाचें अनावरण झालें, तेव्हां तोच पडदा त्यांचें थकलेलें रूप दाखवून गेला.

दोन्ही चित्रें खरीं, पण अपुरीं. ज्यांनीं ते अश्रू पाहिले, त्यांनीं हे आंकडेही वाचावेत, एवढाच न्याय त्यांना हवा.