सूटर, फर्गस

(२१ नोव्हेंबर १८५७ – ३१ जुलै १९१६). स्कॉटिश फुटबॉलपटू. डार्वेन आणि ब्लॅकबर्न रोव्हर्स या लँकशरमधील संघांचा बचावपटू. पैसे घेऊन फुटबॉल खेळणाऱ्या पहिल्या काही खेळाडूंत त्याची गणना होते. जगातला पहिला व्यावसायिक फुटबॉलपटू म्हणून बहुतेकदा त्याचेच नाव सांगितले जाते.

सूटरचा जन्म ग्लासगोचा, धंदा पाथरवटाचा आणि संघ पार्टिकचा. नावात साम्य असले तरी हा संघ आजच्या पार्टिक थिसलहून वेगळा. याच पार्टिक भागातल्या हॅमिल्टन क्रेसेंट या क्रिकेटच्या मैदानावर ३० नोव्हेंबर १८७२ रोजी स्कॉटलंड आणि इंग्लंड यांच्यात पहिला अधिकृत आंतरराष्ट्रीय सामना झाला. तो ०–० असा बरोबरीत सुटला, पण दोन्हीकडच्या खेळातला फरक त्यातून दिसला. इंग्रज खेळाडू चेंडू पायाशी ठेवून एकट्याने मुसंडी मारत. मागचे सोबती चेंडू निसटला तर झेपावण्याच्या तयारीत पळत. स्कॉटिश खेळाडूंनी चेंडू एकमेकांकडे देत पुढे सरकण्याची पद्धत बसवली होती. १८७८ साली स्कॉटलंडने इंग्लंडला ७–२ असे लोळवले, तेव्हा या पद्धतीची ताकद सीमेपलीकडच्या क्लबांनाही कळून चुकली. सूटर याच शाळेत तयार झाला होता.

१८७८च्या नववर्षदिनी पार्टिकचा संघ डार्वेनला सामना खेळायला गेला आणि तेथील मंडळींच्या नजरेत सूटर भरला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सिटी ऑफ ग्लासगो बँक बुडाली. बँकेच्या भागधारकांवर अमर्याद दायित्व असल्याने शेकडो घरांचे दिवाळे निघाले आणि शहरातली बांधकामे ठप्प झाली. काम नसलेल्या पाथरवटाने दक्षिणेची वाट धरली. पार्टिकमधला त्याचा सोबती जिमी लव्ह त्याच्याआधीच डार्वेनला पोहोचला होता.

डार्वेन हे कापडगिरण्यांचे गाव. शनिवारी दुपारी गिरणी सुटली की कामगार मैदानाकडे वळत. तिथे सूटरने सुरुवातीला छिन्नी-हातोडा हाती घेतला खरा, पण लवकरच खाली ठेवला. इंग्लंडमधला दगड ग्लासगोच्या दगडापेक्षा कठीण आहे, तो घडवताना हात सुजतात, असे कारण त्याने दिले. मग पोट कशावर भरत होते? ठरावीक पगार नव्हता. गरज पडली की क्लबच्या खजिनदाराची गाठ घ्यायची, असा व्यवहार होता हे त्याने पुढे, खेळ सोडल्यावर, सांगून टाकले. त्या काळी फुटबॉल असोसिएशनच्या लेखी खेळाडू हौशीच असायला हवा होता. त्यामुळे कामावर न जाणारा आणि तरीही नीट राहणारा हा पाहुणा लँकशरमध्ये कुजबुजीचा विषय झाला.

डार्वेनला त्याचा उपयोग झाला तो लगेचच. १८७८–७९च्या एफए कपच्या उपांत्यपूर्व फेरीत या गिरणी कामगारांची गाठ ओल्ड इटोनियन्सशी, म्हणजे इंग्लंडमधल्या सर्वांत खानदानी शाळेच्या माजी विद्यार्थ्यांशी पडली. १३ फेब्रुवारी १८७९ रोजी लंडनच्या केनिंग्टन ओव्हलवर डार्वेन १–५ असे पिछाडीवर होते. अखेरच्या टप्प्यात त्यांनी चार गोल चढवून ५–५ अशी बरोबरी साधली. डार्वेनची जादा वेळ खेळायची तयारी होती. इटोनियन्सनी नकार दिला. फेरसामनाही ओव्हलवरच. एवढ्या दूर पुन्हा जायचे तर गाडीभाडे आणि बुडणारी मजुरी यांची तजवीज हवी, म्हणून गावाने वर्गणी काढली. दुसरा सामना २–२ असा सुटला आणि तिसऱ्यात, १५ मार्चला, डार्वेन २–६ असे हरले. स्पर्धेतून संघ बाहेर पडला, पण उत्तरेकडच्या कामगारांचा फुटबॉल लंडनला प्रथमच दखल घ्यावी असा वाटला.

१८८०च्या उन्हाळ्यात सूटरने डार्वेन सोडून शेजारच्या ब्लॅकबर्न रोव्हर्सचा सदरा चढवला. दोन्ही गावांचे आधीच पटत नव्हते. त्यात रोव्हर्सने पैसे चारून माणूस पळवला, हा डार्वेनचा आरोप पडला आणि दोन्ही संघांच्या सामन्यांत कडवटपणा भरला. रोव्हर्सकडे रेंजर्सचा ह्यू मॅकिन्टायर, रेन्फ्र्यूचा जिमी डग्लस असे आणखी स्कॉटिश खेळाडूही जमले होते.

२५ मार्च १८८२ रोजी रोव्हर्स एफए कपच्या अंतिम सामन्यात उतरले. उत्तरेचा संघ तिथवर पोहोचण्याची ही पहिलीच वेळ. समोर पुन्हा ओल्ड इटोनियन्स, आणि निकाल ०–१. पुढे मात्र रोव्हर्सने सलग तीनदा कप नेला आणि तिन्ही वेळा सूटर संघात होता. १८८४ आणि १८८५ साली त्यांनी हरवले ते ग्लासगोच्याच क्वीन्स पार्कला, अनुक्रमे २–१ आणि २–० असे. ज्या क्लबने स्कॉटलंडला चेंडू देण्या-घेण्याचा खेळ शिकवला आणि जो हौशीपणाचा कट्टर पुरस्कर्ता होता, त्याच्याविरुद्ध ग्लासगोचा हा पाथरवट इंग्लिश गावाकडून लढत होता. १८८६ साली वेस्ट ब्रॉमविच आल्बियनशी ०–० अशी बरोबरी झाल्यावर डर्बीत फेरसामना झाला आणि रोव्हर्सने तो २–० असा जिंकला. सलग तीन कपांचा मान त्याआधी फक्त वाँडरर्स संघाला मिळाला होता.

या दरम्यान पैशाचा प्रश्न चिघळला. जानेवारी १८८४मध्ये प्रेस्टन नॉर्थ एंडवर पैसे दिल्याची तक्रार झाली. व्यवस्थापक विल्यम सडेल यांनी ती नाकारली नाही. उलट ही सर्वत्रच चालणारी गोष्ट आहे असे सांगितले. प्रेस्टनला स्पर्धेबाहेर काढण्यात आले, पण उत्तरेकडचे क्लब वेगळी संघटना काढण्याच्या बेतात आले. अखेर २० जुलै १८८५ रोजी असोसिएशनने व्यावसायिकतेला मान्यता दिली. कप सामन्यांसाठी एक अट घातली: व्यावसायिक खेळाडू मैदानापासून सहा मैलांच्या आत जन्मलेला किंवा दोन वर्षे राहिलेला असावा. ब्लॅकबर्नमध्ये पाच वर्षे मुरलेल्या सूटरला ती आड येणारी नव्हती.

स्कॉटलंडने हा बदल स्वीकारला १८९३ साली. इंग्लंडमध्ये खेळणाऱ्या स्कॉटिश खेळाडूंना राष्ट्रीय संघाचे दार १८९६ साली उघडले. सूटरला देशाकडून एकही सामना खेळायला मिळाला नाही. १८८८ साली फुटबॉल लीग सुरू झाली तेव्हा त्याचा खेळ उताराला लागला होता. लीगमध्ये तो एकदाच दिसला: २२ डिसेंबर १८८८ रोजी वेस्ट ब्रॉमविच आल्बियनविरुद्ध, आणि तोही गोलरक्षक म्हणून. निवृत्तीनंतर त्याने हॉटेल चालवले. ब्लॅकपूल येथे त्याचे निधन झाले.

‘पहिला व्यावसायिक’ हा मान मात्र निर्विवाद नाही. ग्लासगोचा जेम्स लँग १८७६ सालीच शेफील्डला गेला होता. तिथे सुऱ्यांच्या कारखान्यात त्याला नावापुरती नोकरी होती. लव्हही सूटरच्या आधी डार्वेनला आला होता. पण तो पुढे रॉयल मरीन्समध्ये भरती झाला आणि १८८२ साली इजिप्तमध्ये तापाने दगावला. पैसे लपवूनच दिले जात, त्यामुळे या दाव्यांना हिशेबवहीचा आधार सापडत नाही.

२०२०मध्ये नेटफ्लिक्सवर आलेल्या ‘द इंग्लिश गेम’ या मालिकेत केविन गथ्रीने सूटरची भूमिका केली. मालिकेत ब्लॅकबर्नचे दोन क्लब एकत्र करून १८८३चा विजय सूटरच्या नावे लावला आहे. प्रत्यक्षात त्या वर्षी इटोनियन्सना २–१ असे हरवून कप नेला तो गावातल्या दुसऱ्या संघाने, ब्लॅकबर्न ऑलिंपिकने. त्या सामन्यात सूटर नव्हता.