माघारीची मुभा

न्यायालयाच्या रोजनाम्यात 'अर्ज मागे घेतल्यामुळे निकाली' अशी ओळ पडली की आता आपण दुसरा मार्ग धरावयास मोकळे झालो, असे पक्षकारास वाटते. तो खरोखरच मोकळा झाला काय, हे पुष्कळदा त्या ओळीपुढे 'नव्याने दाद मागण्याची मुभा राखून' एवढे शब्द आहेत की नाहीत यावर ठरते. या शब्दांमागे दीडशेहून अधिक वर्षांचा इतिहास आहे.

१८५९ च्या दिवाणी प्रक्रिया कायद्याच्या ९७ व्या कलमात ही सोय आढळते. १९०८ च्या संहितेत ती २३ व्या आदेशात आली. दाव्यात औपचारिक दोष असेल किंवा अन्य पुरेसे कारण असेल तर न्यायालय मुभा देते; मुभेवाचून दावा सोडणाऱ्यास त्याच विषयावर पुन्हा दावा लावता येत नाही. गोव्यातील पोर्तुगीज प्रक्रियेची परिभाषा आम्हांस याहून स्वच्छ वाटते. तीत मागणीवरचा हक्क सोडणे निराळे, चालू प्रकरण तेवढे सोडणे निराळे, आणि दोहोंस नावेही दोन. १९६५ च्या अधिनियमाने भारतीय संहिता तेथे नेली आणि तो भेद मुभेच्या शब्दांत शोधणे भाग पडले.

संविधानाने रिट अर्जाचा मार्ग खुला केल्यावर प्रश्न नव्याने उभा राहिला. १९६१ साली दर्याव प्रकरणात, साताऱ्यास जन्मलेल्या न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी सांगितले की उच्च न्यायालयातून मागे घेतलेल्या अर्जावर गुणदोषांचा निर्णयच झालेला नसतो. म्हणून अनुच्छेद ३२ खाली सर्वोच्च न्यायालयात येण्यास प्राङ्न्यायाची आडकाठी नाही. पुढे १९८६ साली ग्वाल्हेरच्या परिवहन अपील न्यायाधिकरणाच्या निर्णयावरून सरगुजा ट्रान्सपोर्टचे प्रकरण आले. मुभा न घेता रिट अर्ज मागे घ्यावयाचा आणि मग दुसरा दाखल करावयाचा, असा तो प्रकार. २३ वा आदेश रिट अर्जांस जसाच्या तसा लागू नाही हे मान्य करूनही न्यायमूर्ती वेंकटरामय्यांनी लोकहिताच्या तत्त्वावर त्या उच्च न्यायालयातील दुसऱ्या रिट अर्जाचे दार बंद केले. सोयीचे न्यायासन शोधीत फिरण्याची खोड मोडावी, हा हेतू. दावा आणि अनुच्छेद ३२ हे मार्ग मात्र त्यांनी शाबूत ठेवले, आणि देहोपस्थितीचा अर्ज या बंधनातून वगळला.

हेतू रास्तच होता. पण 'आधी अपिलात जा' असे न्यायासनानेच सुचविल्यावर जो माघार घेतो, तो कसली खोड करीत असतो? त्याचे अपिलाचे दार सरगुजाने बंद होत नाही. त्याला खरा धोका मुदतीचा. मुभेने लावलेल्या नव्या दाव्यास मुदत मोजताना पहिला दावा जणू झालाच नव्हता, असे संहिता मानते. १९६३ च्या मुदत अधिनियमाचे १४ वे कलम, अधिकार नसलेल्या न्यायालयात सद्भावाने व तत्परतेने घालविलेला काळ वजा करू देते खरे. परंतु ते दावे व अर्ज यांच्यासाठी आहे, अपिलांसाठी नव्हे. अपीलकर्त्यास ५ व्या कलमाखाली विलंबमाफी मागावी लागते, आणि काही विशेष कायद्यांत त्या माफीलाही ठराविक दिवसांची कमाल मर्यादा असते. म्हणून जाणता वकील मुभा मागतानाच, रिट अर्ज कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत प्रलंबित होता, तेही आदेशात नोंदवून घेतो.