जॉन अब्राहम आणि ओडेसा : लोकवर्गणीतून चित्रपटनिर्मितीचा एक प्रयोग

समांतर चित्रपटाच्या इतिहासलेखनात 'स्वतंत्र दिग्दर्शक' ही संज्ञा काहीशी सैलपणे योजिली जाते. 'भुवन शोम' (१९६९) किंवा मणी कौल यांचा 'उसकी रोटी' हे चित्रपट १९६० साली स्थापन झालेल्या फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या साहाय्याने निर्माण झाले. व्यापारी भांडवलापासून ते मुक्त होते. शासकीय तिजोरीपासून नव्हते. या दोन्ही आश्रयांबाहेर पडण्याचा प्रयत्न मल्याळी दिग्दर्शक जॉन अब्राहम (१९३७-१९८७) यांनी केला. (याच नावाच्या हिंदी नटाशी त्यांचा काही संबंध नाही.)

आयुर्विमा महामंडळातील नोकरी सोडून ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आले. तेथे ऋत्विक घटक त्यांना गुरुस्थानी लाभले. 'उसकी रोटी'साठी त्यांनी मणी कौल यांचे साहाय्यक म्हणून काम केले. त्यांच्या नावावर कथापट अवघे चार. त्यांपैकी 'अग्रहारत्तिल कळुदै' (१९७७) हा तमिळ चित्रपट अग्रहारात गाढव पाळणाऱ्या प्राध्यापकाच्या कथेतून सनातनी वृत्तीचा उपहास करतो. त्यास उत्कृष्ट तमिळ चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तसाच विरोधही झाला. राजमान्यता मिळाली म्हणजे प्रेक्षक मिळतोच असे नाही, हे यावरून स्पष्ट होते.

१९८४ मध्ये मित्रांसह स्थापन केलेली 'ओडेसा' ही संस्था या अडचणीवरील त्यांचे उत्तर होते. आयझेनस्टाइनच्या 'बॅटलशिप पोटेमकिन'मधील ओडेसाच्या पायऱ्यांवरून तिचे नाव पडले. कार्यकर्ते गावोगाव जात, चॅप्लिनचा 'द किड' दाखवीत आणि लोकांकडून किरकोळ रकमा गोळा करीत. या पैशांतून 'अम्मा अरियान' (१९८६) उभा राहिला. एका तबलावादक तरुणाच्या आत्महत्येची वार्ता त्याच्या आईपर्यंत पोहोचविण्यासाठी वायनाडहून कोचीकडे निघालेल्या पुरुषनला वाटेत एकेक जण येऊन मिळतो. चित्रपटातील हा वाढता जथा आणि त्यासाठी वर्गणी देणारा समुदाय यांतील साम्य योगायोगाचे वाटत नाही. ज्यांनी पैसे दिले, त्यांच्याच गावी तो नेऊन दाखविण्यात आला. अर्थात निर्मितीइतकाच हा वितरणाचाही प्रयोग होता.

येथे श्याम बेनेगल यांच्या 'मंथन'शी (१९७६) तुलना उद्बोधक ठरते. गुजरातमधील पाच लाख दूधउत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले, हे सर्वश्रुत आहे. तथापि ती रक्कम सुसंघटित सहकारी यंत्रणेमार्फत आली; ओडेसाला अशी तयार यंत्रणा नव्हती. तिची जागा कार्यकर्त्यांच्या पायपिटीने आणि बऱ्याच अंशी जॉन यांच्या व्यक्तिमत्त्वाच्या आकर्षणाने भरून काढली. त्यांच्या भटक्या, बेफिकीर जीवनाच्या आख्यायिका केरळात आजही रंगवून सांगितल्या जातात. मात्र त्या रंगात वर्गणीचा कष्टप्रद व्यवहार झाकला जातो, हे प्रस्तुत लेखकास खटकते.

३१ मे १९८७ रोजी कोझिकोडे येथे इमारतीवरून पडून जॉन यांचा मृत्यू झाला. ओडेसाच्या कार्यकर्त्यांनी पुढेही चित्रपटांचे खेळ चालू ठेवले आणि माहितीपट काढले. 'अम्मा अरियान'च्या आवाक्याचा दुसरा कथापट मात्र त्यांच्या हातून झाला नाही.