गहाण-लहाणाची मुदत

मुदतीत कर्ज न फिटल्यास गहाणखत हेच खरेदीखत समजावे, अशी अट जुन्या दस्तांत असे. तिला गहाण-लहाण म्हणत. दिवस टळला की पिढ्यांचे शेत सावकाराच्या घशात! दामदुपटीचा शास्त्रोक्त नियमही येथे तोकडा. तो व्याजाला बांधी, मुदतीला नव्हे. मुंबईच्या हायकोर्टाने १८६४ साली मुदतीनंतरही ऋणकोस जमीन सोडविण्याचा हक्क दिला. १८७० साली प्रिव्ही कौन्सिलने मद्रासकडील दाव्यात उलट कौल दिला, तरी १८७२ साली मुंबईचे न्यायाधीश ढळले नाहीत. हे धैर्य आम्हांस थोर वाटते. पण अडाणी शेतकरी कोर्टाची पायरी चढणार कसा? मे १८७५ मध्ये सुपे येथे सावकारांचे कागदच जाळण्यात आले. तेव्हा कोठे १८७९ च्या कायद्याने व्यवहाराचा मुळापासून हिशेब तपासणे न्यायाधीशांचे कर्तव्य ठरविले; तेही प्रथम पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चारच जिल्ह्यांपुरते.